पत्र्याचं घर आणि नोंकिपाच्या शिव्या

नोंकिपा माझी सवत. हे आधीच सांगितलेलं बरं. म्हणजे पुढं मी तिचं कौतुक केलं तर ते नाइलाजानं केलंय हे कळेल, आणि नावं ठेवली तर तो माझा हक्क आहे हेही कळेल. आमच्या दोघींचा नवरा एकच, ओले काएलो. माणूस वाईट नाही. गाईंच्या बाबतीत तर देवमाणूस. गाईच्या मनातलं त्याला तिच्या कानावरून कळतं. बायकोच्या मनातलं तिनं तोंडानं ओरडून सांगितलं तरी कळत नाही, पण आमच्या मसाई मुलखात, या लोइताच्या डोंगरात, ते कुणाला कळतं?

मी नवी नवरी म्हणून या वस्तीत आले तेव्हा नोंकिपानं मला एक मेंढी दिली. आमच्यात मेंढी देणारी आणि घेणारी पुढं जन्मभर एकमेकींना नावानं हाक मारत नाहीत, पाकेर म्हणतात, म्हणजे मेंढीवाली. ती मेंढी लंगडी होती. पाऊस यायच्या आत मेली. नाव मात्र चिकटलं ते चिकटलंच. भांडताना सुद्धा आम्ही "पाकेर, तुझं तोंड जळो" असंच म्हणतो.

नोंकिपा उंच, हाडापेरानं दणकट, आवाज फाटक्या ढोलासारखा. कानाच्या लोंबत्या पाळीत मण्यांच्या जोडीला तिनं एकदा चहाच्या डब्याचं झाकण अडकवलं होतं आणि बाजारात सगळ्यांना सांगत होती की हे नैरोबीहून आणलंय. दोन कामांत तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. एक, घर बांधणं. दुसरं, शिव्या देणं. तिनं शिळी शिवी दिलेली मी कधी ऐकली नाही. प्रत्येक माणसाला त्याच्या अंगाला बसेल अशी नवी शिवी ती जागच्या जागी घडवायची, आणि ज्याला पडायची तोसुद्धा घरी जाऊन बायकोला कौतुकानं सांगायचा.

आता घराचं. आमच्यात घर बाईचं असतं. फोक ती तोडते, खड्डे ती खणते, कामट्या ती वाकवते, गवत ती भरते आणि वरून शेण तीच लिंपते. पुरुषानं त्या शेणाला बोट लावलं तर लोक हसतात. गाई नवऱ्याच्या कळपात, पोरं नवऱ्याच्या नावावर, मग बाईचं म्हणून उरतं काय? ते घर. पुरुषाला घर नसतं. त्याला फाटक असतं. फाटकातून आत आलं की उजव्या हाताला थोरलीचं घर, डाव्या हाताला धाकटीचं. संध्याकाळी आमचा म्हातारा, म्हणजे नवरा, मधोमध उभा राहायचा आणि आज कुठं हे ठरवायचा. ठरवायचं त्यानं, पण दाराचं झाप उघडायचं की नाही ते आम्ही. मी रोज उघडायचे. नोंकिपा मनाला येईल तेव्हा.

तिचं मन कसं चालायचं ते सांगते. एका वर्षी मोठ्या पावसात तिचं छप्पर गळायला लागलं. गळालं की बाईनंच वर चढायचं, भर पावसात, शेणाचा गोळा घेऊन. नवरा आत पडून सांगणार कुठं गळतंय ते. म्हातारा आतून ओरडला, "इथं! माझ्या पायावर!"

"पाय कुठल्या बाजूला आहेत?" नोंकिपा वरून.

"असतात तिथंच आहेत! लिंप लवकर! तुला एक छप्पर धड करता येत नाही!"

 मग तिनं त्याच्या डोक्याच्या वरची जागा नीट शोधली, बोट घालून भोक पाडलं आणि खाली उतरून आली. म्हणाली, "आता दोन्हीकडे सारखं गळतंय. कड बदलायची कटकट नको." म्हातारा त्या रात्री माझ्याकडे आला, ओला चिंब. मी त्याला सुकवलं. कुणीतरी सुकवणारं पण लागतं.

तिचा थोरला सांकाले. शिकला, नारोकच्या शाळेत विज्ञानाचा मास्तर झाला. गुणी पोरगा. सुट्टीत आला की आईच्या चुलीपाशी बसून आम्हाला आभाळातल्या गोष्टी सांगायचा. एकदा आईला म्हणाला, "येयो, शास्त्रज्ञ दुसरी पृथ्वी शोधतायत. माणसाला राहता येईल अशी."

"का? हिला वाळवी लागली?"

"तसं नाही गं. आहे का बघतायत. पाणी पाहिजे, हवा पाहिजे. सूर्यापासून बेतानं लांब पाहिजे. जवळ गेलं तर सगळं भाजतं, लांब गेलं तर गोठतं."

"म्हणजे तुझ्या बापासारखंच. चुलीजवळ सरकला की चादर जळते, लांब गेला की रात्रभर दात वाजवतो."

"आणि वर हवेचं जाड पांघरूण पाहिजे. त्यानं उन्हाचा मारा अडतो आणि ऊब आतल्या आत राहते."

"छप्पर म्हण की सरळ."

"बरं, छप्पर."

"लिंपतं कोण?"

"कुणी नाही लिंपत, येयो. आपोआप असतं."

"आपोआप काही नसतं, पोरा. तुम्हा पुरुषांना असतं आपोआप."

मी हसले. म्हातारा पण हसला, कारण त्याला वाटलं हे दुसऱ्या पुरुषांबद्दल आहे. मग नोंकिपा म्हणाली, "आणि मला सांग, देवी एनकाईनं आभाळातून चामड्याच्या दोरीनं गाई खाली सोडल्या, मसाई माणसाला दिल्या. बरोबर? वर कुठं राहण्यासारखी जागा असती, तर तिनं इतक्या चांगल्या गाई खाली कशाला सोडल्या असत्या? तिलाच तिथं चारा मिळत नव्हता."

"तोंड सांभाळ," म्हातारा म्हणाला. "एनकाई ऐकते."

"ऐकू दे की. तिची अडचण इतक्या वर्षांत कुणी समजून तरी घेतली का?"

सांकालेला मात्र त्या दिवसापासून घरांचंच वेड लागलं. पुढच्या सुट्टीत तो ट्रक घेऊन आला. त्यात सिमेंटच्या विटा, पत्रे, काचेची एक खिडकी आणि पाण्याची काळी टाकी. म्हणाला, "बाबांना आयुष्यात स्वतःचं घर नव्हतं. या वयात तरी असावं." बोलताना त्याचा आवाज भरून आला होता. प्रेमापोटी केलेल्या कामाला नावं ठेवता येत नाहीत, ते फसलं तरी. फाटकासमोर, आमच्या दोन घरांच्या मधोमध, ते घर उभं राहिलं. दाराला लोखंडी कुलूप. किल्ली म्हाताऱ्यानं गळ्यातल्या मण्यांत ओवली आणि पोटभर खोकून घेतलं, म्हणजे सगळ्यांनी बघावं.

आता खरं बोलायचं तर टाकी चांगली निघाली. पावसाचं पाणी पत्र्यावरून सरळ टाकीत. नदीची पायपीट वाचली. नोंकिपानं त्या घराला दिवसभर शिव्या दिल्या आणि पाणी मात्र त्याचंच भरलं. मी विचारलं तर म्हणाली, "शिव्या घराला आहेत. पाणी ढगाचं आहे."

पण घर म्हणून ते घर काही जमेना. दुपारी पत्रा असा तापायचा की आत चूल नसताना चहा उकळला असता. रात्री डोंगराची थंडी सरळ अंथरुणात. पाऊस आला की एवढा दणदणाट, की कुंपणाशी तरस आला तरी कळायचं नाही. आमची घरं बुटकी, अंधारी, धुरकट. धुरानं डोळे जातात हेही खरं, मला डाव्या डोळ्यानं अंधुकच दिसतं. पण त्याच धुरानं माश्या, डास, वाळवी बाहेर राहतात. बाजूला वासरू झोपलेलं असतं, त्याची ऊब वेगळी. म्हातारा दुपारभर स्वतःच्या घराला कुलूप लावून नोंकिपाच्या भिंतीच्या सावलीत बसायचा. विचारलं तर म्हणायचा, "राखण करतोय."

शेवटी एके दिवशी त्यानं हुकूम सोडला. "नोंकिपा, सामान उचल. तू माझ्या घरात राहायचंस."

"तुझ्या घरात?" नोंकिपा दुधाचा तुंबा घासत होती, तिनं मान वर केली नाही. "मग रुसल्यावर मी जाऊ कुठं?"

"रुसायचं कशाला?"

"सांकालेच्या बापा, मी कशाला रुसते हे तुला इतक्या वर्षांत कळलं नाही, म्हणून तर मला घर लागतं. माझ्या घरात तू पाहुणा असतोस, म्हणून जरा माणसासारखा वागतोस. तुझ्या घरात मी कोण?"

म्हातारा माझ्याकडे वळला. मला हो म्हणायची जुनी सवय. जीभ अर्धी बाहेर आली होती, तेवढ्यात नोंकिपानं घासता तुंबा खाली ठेवला आणि माझ्याकडे नुसतं बघितलं. मी म्हटलं, "पाकेर जात नाही तर मी एकटी कशी जाऊ?" जन्मात पहिल्यांदा नाही म्हटलं, तेही दुसरीच्या नावावर.

म्हातारा एकटा राहायला गेला. आणि मग दुधाची गंमत झाली. आमच्यात सगळ्या गाईंचा मालक तो, पण दुभत्या गाई ज्या त्या बाईला वाटून दिलेल्या. बाई त्या आपल्या दाराशी पिळते, दूध आपल्या तुंब्यात, तुंबा आपल्या घरात. पुरुषानं सडाला हात लावायचा नाही. दूध मागणं तर त्याहून लाजिरवाणं, ते बाईनं समजून द्यायचं. पत्र्याच्या घराला बाई नाही, म्हणून गाय नाही, म्हणून दूध नाही. त्याच्या बरोबरीचे म्हातारे घर बघायला आले, प्लास्टिकच्या खुर्च्यांवर बसले, घामाघूम झाले, वाहवा केली आणि वाट बघत राहिले. म्हाताऱ्यानं अखेर टाकीतलं पाणी पुढं केलं.

ओले साइगिलू म्हणून त्याचा जुना सोबती आहे. त्यानं पेल्यात बघितलं आणि म्हणाला, "छान. पाण्याची पण सोय आहे. वासरांना फार बरं." मग सगळे उठून नोंकिपाकडे दूध प्यायला गेले. एवढ्या गाईंचा धनी आपल्या दारात किल्ली हातात घेऊन उभा राहिला. मला त्याची दया आली. नोंकिपाला नाही आली.

दया बाळगायला नको होती, कारण काही दिवसांनी म्हाताऱ्यानं जाहीर केलं, "या घराला बाई पाहिजे. मी तिसरी करतोय."

मुलगी नारोसुराकडची. नालांगू नाव. आमच्या लेकींच्या वयाची. तिच्या बापाला म्हाताऱ्यानं सांगितलं होतं की तिला फोक तोडायला नको, शेणात हात घालायला नको, घर अगदी तयार आहे. बाप खूश. सांकाले धावत आला. "बाबा, मी हे घर यासाठी नाही बांधलं!"

"घर माझं ना?"

"तुमचं."

"किल्ली माझी ना?"

 सांकालेचा चेहरा एवढा पडला होता की मी त्याला न मागता दूध दिलं.

त्या संध्याकाळी मी नोंकिपाला म्हटलं, "जाऊ दे, पाकेर. आणखी एक सवत आली तर लाकडं आणायला दोन हात वाढतील."

"पाकेर, तुझ्या टाळूत चरबी भरलीय का?" ती ओरडली नाही, हळू बोलली, म्हणून मला धस्स झालं. "तिला तयार घर मिळतंय. दार त्याचं, कुलूप त्याचं. गाई कुणाच्या दाराशी पिळणार ती? दूध कुठं ठेवणार? एखाद्या रात्री तो नको झाला तर कुठं आत शिरून झाप लावणार? आणि एकीला असं ठेवता येतं हे एकदा दिसलं, की डोंगरातला प्रत्येक म्हातारा ट्रक भरून पत्रे आणेल. तुझी धाकटी लेक अजून द्यायचीय ना?"

माझी धाकटी द्यायची होती. मी म्हटलं, "मग हे लग्न थांबवू या."

"आपल्याला विचारतं कोण? आपल्या हातात काय आहे, सांग."

"काय आहे?"

"शिव्या," नोंकिपा म्हणाली.

आमच्यात नवी नवरी वस्तीच्या फाटकाशी आली की तिथल्या बायका तिला शिव्या देतात. दृष्ट लागू नये म्हणून, आणि थोडी हौस म्हणूनही. मला नोंकिपानं काय काय म्हटलं होतं ते मी पोरांसमोर सांगत नाही. आणि दुसरी रीत अशी की नवरी फाटकात थबकते. एकेक जण तिला वासरू, शेळी, मेंढी कबूल करतो, मग ती एक पाऊल टाकते, पुन्हा थबकते. मनासारखं कबूल होईपर्यंत तिला कुणी ढकलू शकत नाही.

नालांगू आली ती ऊन चढल्यावर. डोकं गुळगुळीत केलेलं, अंगाला तेल आणि तांबडी माती, मान मण्यांच्या ओझ्यानं ताठ, नजर खाली. शेजारी वाट दाखवायला तिच्या नवऱ्याकडचा एक सोबती. मागं वळून बघायचं नाही असा नेम, तो ती पाळत होती, पण ओठ थरथरत होते. समोर पत्र्याचं घर उन्हात चकाकत होतं, दार सताड उघडं. म्हातारा दाराशी, छातीवर किल्ली.

नोंकिपा पुढं झाली. कंबरेवर हात ठेवले.

"आली बघा! ही नवरी आहे की पावसात विसरलेली चादर?"

पुरुष खुशीनं हसले. आता मजा येणार हे त्यांना माहीत होतं.

"हात बघा हिचे! शेणाला कधी लागलेत का गं? नाही ना? मग बरोबर घरात निघालीस! ती पेटी बघ, पत्र्याची! पेटीत काय ठेवतात ठाऊक आहे का, बिनमेंदूचे? साखर ठेवतात! मालकाला हवी तेव्हा झाकण उघडतो, चमचा घालतो, झाकण लावतो!"

हसणं जरा कमी झालं.

"जा, जा आत, टोळाच्या तंगडीचे! तुला कशाला हवं गाय पिळायला दार? तुला कशाला हवं रात्री लावायला झाप? अंगावर काठी आली तर या काड्यांच्या पायांनी कुठं पळशील? माझ्यासारखी खुळी होऊ नकोस! मी आपलं स्वतःचं घर बांधत बसले, मनाला येईल तेव्हा याला बाहेर ठेवत बसले, काय मिळालं मला? सुख! थू!"

ओले साइगिलूनं काठी आपटली. "नोंकिपा, शिव्या दे. सल्ले देऊ नकोस."

"मला त्यातला फरक कळत नाही, सोबत्या. मला कुणी शाळेत घातलं नाही."

नालांगूनं पापणी वर केली. एकदाच, नोंकिपाकडे. मग पुन्हा खाली. आणि पाय रोवून उभी राहिली.

म्हाताऱ्याच्या भावानं शेळी कबूल केली. ती हलली नाही. म्हाताऱ्यानं कालवड कबूल केली. नाही. सांकालेनं गाभण गाय कबूल केली, मास्तराच्या मानानं हे फार झालं. नाही. मी मेंढी कबूल केली आणि चारी पायांवर चालणारी आहे हे मुद्दाम सांगितलं. नोंकिपानं ऐकलं नसल्यासारखं केलं. नवरी तशीच. ऊन चढत होतं, पत्रा तापत होता, म्हातारा घामानं डबडबला होता.

"मग हिला पाहिजे तरी काय?"

नवरीनं मोठ्यानं बोलायचं नसतं. ती सोबत्याच्या कानात काहीतरी बोलली. त्या बिचाऱ्याचे कान लाल झाले. "ती म्हणते... शेण."

सगळी वस्ती हसली.

"ती म्हणते, उजव्या हाताला, नोंकिपाच्या घरापलीकडे, तिसरीची जागा असते तिथं घर बांधायला जागा. फोक तोडायला सवड. लिंपायला शेण. आणि तिच्या वाटणीच्या गाई तिच्या दाराशी."

"घर तयार आहे!" म्हातारा ओरडला. "डोळे नाहीत का तिला? मी तिला शेण देणार नाही, मी तिला पत्रा देतोय!"

तेव्हा नोंकिपा बायकांकडे वळली. वळली ती बायकांकडे, पण बोलली पुरुषांना ऐकू जाईल असं. "ऐकलंत का गं? ओले काएलोकडे शेण नाही."

आता हे बाहेरच्या माणसाला साधं वाटेल. ज्याच्याकडे गाई त्याच्याकडे शेण, शेण नाही म्हणजे गाई नाहीत. आमच्या डोंगरात बायको नाही, अक्कल नाही, दात नाहीत, काहीही म्हणा, चालतं. हे चालत नाही. ओले साइगिलू खाली मान घालून हसू दाबायला लागला. कुणीतरी मागून म्हणालं, "अरेरे, कधी झालं हे?" पाहुण्यांतल्या एकानं तर आमचं शेण देऊ का म्हणून विचारलं.

"माझ्याकडे शेण नाही?" म्हाताऱ्याच्या मानेच्या शिरा फुगल्या. "माझ्याकडे? या कुंपणाच्या आत गुडघाभर शेण आहे! घ्या! सगळं घ्या! दहा घरं लिंपा! जागा घ्या, गाई घ्या! माझ्या शेणाला तोटा नाही!"

एवढ्या माणसांसमोर कबूल झालं ते झालं. नालांगूनं पाऊल उचललं आणि पत्र्याच्या घराला वळसा घालून सरळ नोंकिपाच्या घरात शिरली, घर बांधून होईपर्यंत नवी नवरी थोरलीकडेच राहते म्हणून. म्हाताऱ्याला आपण काय बोललो ते कळलं तेव्हा दाराशी तो एकटाच होता.

घर बांधायला आम्ही तिघी लागलो. नालांगूला खरंच काही येत नव्हतं. तिची कामटी वाकवली की तुटायची, लिंपण वाळलं की ढलपे पडायचे. नोंकिपाच्या शिव्यांना तर नुसता बहर आला होता. "पोरी, ही भिंत आहे की तुझ्या बापाची पाठ?" तीच भिंत मग ती स्वतः संध्याकाळी नीट करायची. सांकाले आला आणि म्हणाला, "येयो, छपराला चुलीवर छोटं धुराडं ठेवा. ऊब राहील, डोळे वाचतील." नोंकिपा म्हणाली, तुझ्या आभाळातल्या घराला ठेव. तरी ठेवलं. चांगलं निघालं. मग तिनं स्वतःच्या छपरालाही तसं भोक पाडलं, आणि माझ्याही, मला न विचारता. शेण कालवायला पाणी टाकीतलं, ते हाताशी होतं म्हणून काम भराभर झालं. हे मी म्हाताऱ्याला सांगितलं. त्याला बरं वाटलं असावं, त्यानं किल्लीवरून हात फिरवला.

लिंपण वाळलं. नोंकिपानं आपल्या चुलीतला निखारा नेऊन नालांगूच्या चुलीत ठेवला. नव्या छपरातून पहिला धूर निघाला तेव्हा नालांगू दाराशी उभी राहून त्याच्याकडे बघत होती, हात कोपरापर्यंत शेणानं माखलेले. म्हणाली, "हे माझं?" नोंकिपा म्हणाली, "नाही, माझ्या सासूचं. आत जा, धूर झालाय, चूल बघ."

त्याच संध्याकाळी गाई आत आल्या, आणि म्हातारा आला. नवी चादर, अंगाला तेल, हातात काठी. नोंकिपा आणि मी तिच्या दाराशी वासरं वेगळी करत होतो. म्हातारा आमच्याकडे न बघता पुढं गेला, तिसऱ्या घराशी थांबला. झाप लावलेलं होतं. तो खोकला.

"कोण?" आतून नालांगू.

"कोण म्हणजे? मी."

 मग ती पोरगी घाबऱ्या आवाजात मोठ्यानं म्हणाली, "येयो नोंकिपा! उघडू का?"

सगळ्या वस्तीनं ऐकलं. मी मनातल्या मनात कान टवकारले. म्हटलं आता नोंकिपा असं काही बोलेल की वर्षभर पुरेल. पण ती एवढंच म्हणाली, "मला काय विचारतेस? घर कुणाचं?"

 एक वासरू हंबरत होतं, त्याच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं.

"आज नाही," नालांगू म्हणाली. "मी दमलेय."

म्हाताऱ्याची काठीवरची मूठ आवळली. ती काठी मला माहीत आहे. नोंकिपालाही माहीत आहे. लावलेलं झाप मोडणाऱ्या नवऱ्याला आमच्यात लोक नावं ठेवतात, पण नावं नंतर ठेवतात, झाप आधी मोडलेलं असतं. तो उभा राहिला. किती वेळ ते मला सांगता येत नाही. मग म्हणाला, "बरं." आणि वळून आपल्या घराकडे गेला. कुलूप उघडल्याचा आवाज आला.

मी हसायला नोंकिपाकडे वळले. ती हसत नव्हती. तिनं माझा हात धरला होता, कधी धरला ते मला कळलंच नव्हतं, आणि तिचा हात लटलट कापत होता. जन्मभर मला वाटत आलं की या बाईला भीती म्हणजे काय ते ठाऊक नाही. तिच्या वाटची भीतीही मीच भ्यायचे, म्हणून तर रोज उठून दार उघडायचे.

"पाकेर," मी म्हटलं, "तुलापण भीती वाटायची?"

"दर वेळी," ती म्हणाली. "झाप लावलं की दर वेळी."

मला रडू आलं. मी तिचा हात सोडला नाही. वासरं बांधायची राहिली होती, ती आम्ही नंतर बांधली.